वळणापर्यंतचं गाणं

मिरचीच्या ढिगांमधून वाट काढत मी सिनेमाच्या तंबूकडे निघालो होतो. नाकात ठसका गेला म्हणून थांबलो, एवढंच. थांबलो नसतो तर तिने मला गाठलं नसतं. ढिगाच्या पलीकडे एक बाई डोक्यावरचा पदर दातात धरून उभी होती, हातातली मिरची उगाच मोडून बघत. माझ्याकडे न बघताच तिने विचारलं, पेटीवाले तुम्हीच ना. मी हो म्हटलं. नंदुरबारात मला दुसऱ्या नावाने कोण ओळखतं? नजीर हे नाव आता आईपुरतं आणि तंबूवाल्या शेठच्या गोडबोलेपणापुरतं उरलंय. डोळे पुसून नीट बघितलं. धानोऱ्याच्या दोधू पाटलाची बायको, धनुबाई. रोज दिवे लागल्यावर पडद्याच्या उजेडात मी तिला बघत होतो, अंगात आलेली: केस सुटलेले, डोळे वर गेलेले, बायका तिच्या पायांवर डोकं ठेवताहेत. आणि इथे भर उन्हात ती अशी हडकलेली, बांगड्या मनगटावरून कोपराकडे घसरताहेत. मला आपलं वाटायचं, बाई उंच आहे. माझ्या खांद्याला लागत नव्हती.

"भाऊ, आज ते वाजाडू नका," ती म्हणाली. "मन्हा पोटमा शे. ते वाजनं का मन्हं आंग मन्हं ऱ्हास नही."

मला आधी रागच आला. मग येता कशाला तंबूत, असं मी बोलून गेलो. तिने शांतपणे सांगितलं, जसं काही शेजारणीला भाजीचा भाव सांगतेय. न येऊन चालत नाही. गाडी जुंपून तयार असते, सासू नारळ घेऊन बसलेली असते, गावच्या बायका वाट बघत असतात. मी येत नाही म्हटलं, तर तो नकार देवीला दिला असं होतं. आधीचं मूल पोटातच गेलं, तेही कुठलं तरी व्रत चुकल्यामुळे असं घरात ठरलेलंच आहे. आता हे. रात्री घरी गेल्यावर कंबर धरून बसते, कुणाला सांगत नाही. पेटी वाजली नाही तर काही होणार नाही, आणि कुणाला बोल लावायलाही जागा राहणार नाही. मी म्हटलं, नाही वाजवणार, जा तुम्ही निश्चिंत. असं म्हणालो की जणू माझ्याच हातातली गोष्ट. तिने मोडलेली मिरची ढिगावर ठेवली आणि लांब थांबलेल्या सासूच्या मागे निघून गेली.

माझं काम काय, असं कुणी विचारलं तर सांगणं जड जातं. पेटी वाजवतो म्हटलं की लोकांना भजन आठवतं, आणि मग माझ्या टोपीकडे बघून ते गोंधळतात. चित्र मुकं असतं. सुरतेकडून गाडीने त्याचे डबे येतात, आणि रतिलाल शेठ भर दुपारी तंबूच्या कनाती खाली सोडून एकदा मशीन फिरवून दाखवतो. मी आणि ढोलकीवाला नवल समोर घामाघूम होत बसतो. पडद्यावर माणसं नुसती तोंडं हलवतात, घोडे टापांशिवाय पळतात, बाई रडते तर मांजर जांभई देतंय असं दिसतं. तिथे कोणता सूर घालायचा ते मी ठरवतो. पडद्यावरच्या बाईला रडता येत नाही, तिला मी रडवतो. लढाईला तमाशातली ढोलकी, वरातीला वाजंत्री, कपटी दिवाण जिन्याखाली लपला की खालच्या पट्ट्या दाबून भाता हळूहळू सोडायचा. हे सूर मी कुठून कुठून उचललेत: हळदीतले, कव्वालीतले, नाटकवाल्यांचे, स्टेशनवर हात पसरून गाणाऱ्या आंधळ्याचे. फक्त मोहरमचे मरसिये कधी घेतले नाहीत. आमच्या अब्बांनी पेटी हातात देतानाच बजावलं होतं की ते रडणं बाजारात न्यायचं नाही. बाकी सगळं चालतं. शब्द काढून टाकले की सूर कुणाचाच राहत नाही, असं मी नवलला मोठ्या ऐटीत सांगायचो. तो मान डोलवायचा आणि ढोलकीला शाई लावत बसायचा.

देवीच्या या चित्राने मात्र मला सतावलं. नदीला पूर येतो, एक आई तान्ह्या पोराला घेऊन वाहून जायला लागते, आणि पाण्यातून देवी वर येते. मुंबईवाल्यांनी हे काम मोठं झकास केलंय, आधी नुसता मुकुट दिसतो, मग कपाळ, मग डोळे. पहिल्या खेळाला मी तिथे आरती लावली, तर पुढची माणसं टाळ्या वाजवत उभी राहिली, मागच्यांना काही दिसेना, आणि देवी प्रकटली ती शिव्यांच्या गजरात. शेठ कपाळाला हात लावून बसला. दुसऱ्या दिवशी सकाळी दात घासताना मला एकदम भिंत आठवली. आमचं घर आणि वत्सलाबाईंचं घर, मध्ये एकच भिंत. श्रावणात त्यांच्याकडे कानबाई देवी बसायची. नारळाला मुखवटा, अंगावर घरातले होते नव्हते ते दागिने, आणि सगळ्या भाऊबंदांच्या बायका मिळून तिला गाण्याने बोलवायच्या. मी लहान, गोधडीत पडून भिंतीला कान लावायचो. भिंत गार असायची आणि गाणं तिच्यातून थरथरत यायचं. शब्द कळायचे नाहीत, नुसती चढण कळायची. एक पायरी वर, दोन पायऱ्या खाली, पुन्हा वर, आणि मग एका सुरावर सगळ्याजणी थांबून राहायच्या, दार उघडायची वाट बघत थांबावं तशा. मग पलीकडे कुणीतरी मोठ्याने श्वास टाकायचं आणि बायकांचा गलका व्हायचा. आई म्हणायची, आली त्यांची आई, झोप आता. सकाळी कानबाई बायकांच्या डोक्यावर बसून नदीवर जायची, पण तेव्हा गर्दीत तुडवला जाईन म्हणून आई मला दारातच धरून ठेवायची. तर मी ती चढण घेतली आणि पाण्यातून वर येणाऱ्या मुकुटाखाली ठेवली. इतकी चपखल बसली की नवल ढोलकी थांबवून माझ्याकडे बघत राहिला.

त्या दिवशी तंबूत टाळी पडली नाही. कुणी खोकलंसुद्धा नाही. मी वरच्या सुरावर थांबलो, पडद्यावर देवीचे डोळे उघडले, आणि बायकांच्या बाजूला, कनातीच्या पलीकडे, कुणीतरी मोठ्याने श्वास टाकला. तो श्वास मी ओळखला. लहानपणी भिंतीतून ऐकलेला, तोच. बघतो तर एक बाई उभी राहून घुमत होती आणि तिच्या शेजारच्या बायका हात जोडत होत्या. चित्र पुढे सरकलं, लढाई आली, नवलने ढोलकी धरली, मी घोडे पळवले. ती बाई घुमतच होती. खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं. इतकी वर्षं मी लोकांना रडवलं, पण ते चित्रावर रडले, मला कुणी विचारलं नाही. पेटीवाला म्हणजे पडद्याखालचा अंधार. आणि आज माझ्या बोटांनी एका जित्याजागत्या बाईला उठवून उभं केलं होतं. घरी जाताना मी चक्क शीळ घालत गेलो.

मग सगळं हाताबाहेर गेलं, आणि तेही इतक्या सरळपणे की बोट दाखवायला कुणी सापडत नाही. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा आली, पुन्हा तिथेच तिच्या अंगात आलं. मग धानोऱ्याच्या गाड्या यायला लागल्या, मग थेट लोणखेड्याच्या. तंबू अक्कलकुव्याला हलवायचा होता, तो राहिला. दुसऱ्या चित्राचे डबे आले होते, ते तसेच परत गेले. लोक आता चित्र बघायला येत नव्हते. पुराचं रीळ सुरू झालं की पडद्याकडे पाठ करून कनातीकडे तोंड करायचे. मी एकदोनदा चाल थोडी बदलून बघितली, वरच्या सुरावर थांबायचंच नाही असं केलं, तर मागून आवाज आला, नीट वाजव रे. नीट वाजव म्हणे. माझी चाल मला शिकवताय, असं ओठांवर आलं होतं, पण ती माझी कुठे होती?

तर बाजारातून मी तंबूकडे गेलोच नाही, घरी परतलो. आई ओट्यावर गोधडी शिवत बसली होती. हलीमा आपा म्हणून सगळी गल्ली तिला मानते, कारण ती फार बोलत नाही. मी तिला धनुबाईचं सांगितलं. सुई चालूच होती. मला वाटलं, ऐकलंच नाही हिने. मग दोरा दाताने तोडून ती म्हणाली, "अपने मरसिये तो ताले में रखे तूने. और उनकी माँ को रोज बुलाता है. बुलाया तो रुखसत भी करना पडता है, बेटा. वो तूने एक बार भी नहीं किया." खरंच होतं ते. कानबाई बोलावली की दुसऱ्या दिवशी नदीवर पोचवतात, तसं न करता कुणी चूल पेटवत नाही. मी रोज बोलावत होतो आणि मुकुट, कपाळ, डोळे झाले की सरळ घोडे सोडत होतो. तिला जा म्हणणारं कुणी नव्हतं. माझा या गोष्टींवर विश्वास आहे का, असं मला विचारू नका. बाईची कोपराकडे घसरलेली बांगडी मी बघितली होती.

वत्सलाबाई आता फार म्हाताऱ्या झाल्यात. उन्हात पाय सोडून बसल्या होत्या. मी म्हटलं, मावशी, निरोपाचं गाणं म्हणून दाखवा, मला हवंय. त्यांना वाटलं मी थट्टा करतोय. बोळकं तोंड उघडून हसल्या, म्हणाल्या, श्रावणात ये. मी हट्ट धरला तसा त्यांचा चेहरा उतरला. "जी बठेलच नही, तिले उठाडू कशी?" असं त्या म्हणाल्या आणि मग हळू आवाजात समजावत राहिल्या. ते गाणं उंबऱ्याच्या आत कुणी म्हणत नाही. घरातून पाय निघाला की सुरू करायचं आणि पाणी पायाला लागलं की संपवायचं. आत म्हटलं तर देवीच्या जागी घरातलंच कुणीतरी निघून जातं. मी म्हटलं, शब्द नकोत, नुसती चाल गुणगुणा. त्यांनी माझ्याकडे अशी नजर टाकली की मी लहान होऊन भिंतीपलीकडे गेलो. मग त्यांनी मला गूळ-शेंगदाणे दिले, लहानपणी द्यायच्या तसे. ते मुठीत धरून मी बाहेर पडलो.

शेठकडे गेलो तर तो काय वाईट माणूस आहे? बसवून चहा पाजला. मी म्हटलं, आज पुराला दुसरं काही वाजवतो, बाई पोटुशी आहे. तो हळहळला, खरंच हळहळला, बशीतला चहा त्याने तसाच ठेवला. मग म्हणाला, नजीरभाई, लोक काय म्हणतील, शेठने देवी बंद केली म्हणतील, तंबूला काडी लावतील. आणि बोलता बोलता सहज सांगितलं की सुरतेला आता बोलतं चित्र आलंय, त्यात बाई रडते ती स्वतःच रडते, गाते ती स्वतःच गाते, खाली कुणी बसायला लागत नाही. एवढंच. तो धमकी देत नव्हता, त्याला स्वतःलाच त्याची भीती वाटत होती. मी उठलो. मनात म्हटलं, तू काहीही म्हण, बोटं माझी आहेत. दिवसभरात हाच एक विचार मला धड वाटला.

दिवे लागले. तंबूच्या तोंडाशीच दोधू पाटील भेटला, हातात नारळ. या माणसाचा मला मनातून राग होता, बायकोच्या जिवावर मोठा झालाय असं मी नवलला म्हणायचो. जवळून बघितलं तर डोळे तांबारलेले, दाढी वाढलेली. त्याने माझा हात दोन्ही हातांत घेतला. "पेटीवाले भाऊ, आज लवकर वाजाडा," तो म्हणाला. "यांदाव तीच वाचाडी आमनं पोर." आधीचं गेलं, या खेपेला देवीच तारेल, असं त्याला वाटत होतं. त्याच्या तळहाताचा घाम माझ्या हाताला लागला. तुझीच बायको सकाळी मला नको म्हणाली, हे सांगायला तोंड उघडलं आणि मिटलं. सांगितलं असतं तर घरी तिचं काय झालं असतं? मी नुसती मान हलवली, आणि त्याने ती होकाराची समजली.

पेटीशी बसलो. मशीनचा खडखडाट, रॉकेलचा आणि घामाचा वास, बायकांच्या बाजूला लेकरांची किरकिर. धनुबाई पुढच्याच ओळीत होती, एका बाजूला सासू, दुसऱ्या बाजूला जाऊ. पडद्याचा उजेड हलला की तिचं तोंड दिसायचं. ती माझ्याकडेच बघत होती. मी मान हलवली, नाही म्हणून, अगदी थोडी. तिला दिसलं. तिने पदर सोडून दोन्ही हात मांडीवर ठेवले, दिवसभर उन्हात काम करून बाई सावलीत टेकते तशी. पुराचं रीळ लागलं. मी नवलला खूण केली आणि एक साधं अंगाईचं धरलं, कुठलंच नाही असं, पाण्याला शोभेल इतकंच. आई पोराला घेऊन वाहायला लागली. मुकुट दिसला. मी अंगाईवरच होतो. तंबूत कुजबुज झाली. कपाळ आलं. मागून कुणीतरी ओरडलं, पेटी झोपली का रे. मी भाता सोडून दिला. हात मांडीवर ठेवले, तिच्यासारखे. नवलचीही ढोलकी थांबली. नुसतं मशीन खडखडत राहिलं आणि पडद्यावर देवीचे डोळे उघडले, मुके. आणि मला वाटलं, झालं. सुटली. इतकं सोपं होतं तर मी आधीच का नाही केलं?

तेव्हा सासूने सुरू केलं. म्हातारीचा आवाज, फाटका, एकटा. एक पायरी वर, दोन पायऱ्या खाली. जावेने उचललं. मग मागच्या ओळीने, मग कनातीपलीकडच्या सगळ्या बायकांनी, ज्यांना ते गाणं त्यांच्या आयांनी दिलं होतं, शब्दांसकट. मी काढून टाकलेले शब्द सगळेच्या सगळे परत आले होते. पेटीची गरज कुणाला होती? त्या वरच्या सुरावर पोचल्या आणि थांबून राहिल्या. धनुबाई माझ्याकडे बघत होती. त्या नजरेत राग असता तर बरं झालं असतं. मी हात उघडे करून तिला दाखवले, हे बघ, मी नाही वाजवत. तिच्या छातीतून तो श्वास निघाला आणि डोळे वर गेले. ती उठली, एक हात पोटावर, आणि घुमायला लागली.

लढाईचं रीळ सुरू झालं होतं. शेठ मशीनपाशी उभा राहून, घोडे सोड, घोडे सोड, अशा खुणा करत होता. बायका पाया पडत होत्या, दोधू नारळ घेऊन लेकरासारखा रडत होता, आणि पोटावरचा तिचा हात सुटला होता. रुखसत भी करना पडता है. मी भाता धरला. तंबूला कुठला उंबरा, असं स्वतःला सांगितलं. बोटं ठेवली आणि आठवायला लागलो. श्रावणातली सकाळ, दारात आईचा हात माझ्या छातीवर आडवा, समोरून मिरवणूक जातेय, मुखवट्यावर ऊन चमकतंय, बायका गाताहेत. चाल हळू, उतरती, पावलापावलाने खाली येणारी. सापडली. पहिली ओळ वाजली आणि तंबूतल्या बायका एकदम गप्प झाल्या. त्यांना कळलं मी काय वाजवतोय. सासू तोंडाला पदर लावून बघत राहिली. धनुबाईचं घुमणं मंदावलं. तिने मान या बाजूला वळवली, जसं कुणी नावाने हाक मारली. पाऊल उचललं. बायकांनी आपोआप वाट केली. एकेक पाऊल टाकत ती तंबूच्या तोंडाकडे निघाली, सावकाश, डोक्यावर काही जपून न्यावं तशी, आणि मी दुसरी ओळ वाजवली, तिसरी वाजवली, माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. बाहेर मोकळं मैदान होतं, त्यापलीकडे नदी.

आणि पुढे मला येईना. आमची गल्ली तेल्याच्या घाण्यापाशी वळते. मिरवणूक वळली की गाणं भिंतीआड जायचं, आई माझ्या छातीवरचा हात काढायची आणि म्हणायची, चल, संपलं. माझ्यापुरतं ते तिथेच संपायचं. नदीवर काय म्हणतात, पाणी पायाला लागल्यावर काय म्हणतात, ते मी जन्मात ऐकलं नाही. बोटं पट्ट्यांवर फिरली, काही भलतंच वाजलं. मी बायकांकडे बघितलं, गा ना, तुम्हाला येतं ना. कुणी ओठ हलवले नाहीत. आत म्हणत नाहीत ते.

धनुबाई तंबूच्या तोंडाशी थांबली होती. एक पाय उचललेला, तो तिने खाली ठेवला. पुढच्या ओळीची वाट बघत ती उभी राहिली. मला येत होती तेवढीच चाल मी पुन्हा सुरुवातीपासून वाजवायला घेतली, आणि ती वळून, जिथून निघाली होती तिकडे, परत आत यायला लागली.